शिवेच्या साक्षीपासून दिवाणी दाव्यापर्यंत

तीनशे तीस फूट लांबीचा बांध आहे असे समजा. तो शेजाऱ्याने नांगरटीच्या वेळी दरसाल चार-दोन बोटे कोरीत कोरीत पंधरावीस वर्षांत तीन फूट आत ढकलला, तर गेलेली जमीन भरते ९९० चौरस फूट. गुंठा होतो १०८९ चौरस फुटांचा. म्हणजे हिशेब पुरता एक गुंठाही होत नाही. या गुंठ्याहून कमी मातीसाठी दिवाणी न्यायालयात दावा दाखल होतो, आजोबांचे नाव खोडून नातवाचे नाव वारस म्हणून लागते, आणि वकिलांची फी, मोजणीची फी, येण्याजाण्याचा खर्च यांची बेरीज केली तर तेवढ्यात चार गुंठे विकत मिळाले असते असे आढळते. व्यापारी दृष्टीने हा व्यवहार आतबट्ट्याचा आहे यात संशय नाही. तथापि बांधाचा तंटा केवळ मातीच्या किमतीचा नसतो. आपल्या वाडवडिलांची मर्यादा कोणी ओलांडली, हा प्रश्न त्यामागे उभा असतो. म्हणूनच या तंट्याचा इतिहास पाहणे उद्बोधक ठरते.

भारतीय धर्मशास्त्राने व्यवहाराची, म्हणजे खटल्यांची, जी अठरा पदे मानली त्यांत सीमाविवाद हे स्वतंत्र पद आहे. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात या विषयाचे विस्तृत विवेचन आढळते. सीमेवर वड, पिंपळ, पळस, सावर अशी दीर्घायुषी झाडे लावावीत. आणि झाडे तोडली जातात, मनुष्ये विसरतात, म्हणून जमिनीच्या पोटात दगड, हाडे, कोंडा, राख, खापऱ्या, विटा, कोळसे, वाळू अशा न कुजणाऱ्या वा सहज न ओळखू येणाऱ्या वस्तू पुरून ठेवाव्यात असे तेथे सांगितले आहे. वादाचा निर्णय ज्येष्ठ महिन्यात करावा, कारण तेव्हा शेत मोकळे असते व खुणा उघड्या पडतात. यातील व्यवहारज्ञान थक्क करणारे आहे. आजही उभ्या पिकात किंवा चिखलात मोजणीदाराची साखळी चालत नाही आणि मोजणीची तारीख पुढे जाते, हे शेतकऱ्यांना सांगावयास नको. साक्षीदारांनी तांबडी वस्त्रे नेसून, तांबड्या फुलांच्या माळा घालून, मस्तकावर माती घेऊन आपल्या पुण्याची शपथ वाहून सीमा दाखवावी, असा विधी होता. डोक्यावरची ही माती पुढे हजारो वर्षे महाराष्ट्राच्या शिवारात टिकून राहिली.

शिलाहार, यादव यांच्या दानलेखांत दान दिलेल्या भूमीच्या चारी दिशांचे आघाट म्हणजे सीमा नोंदविलेल्या असत. आजच्या खरेदीखतातही पूर्वेस अमका, दक्षिणेस तमका, पश्चिमेस ओढा, उत्तरेस गाडीरस्ता अशी चतुःसीमा लिहावीच लागते. दस्तऐवजात लिहिलेले क्षेत्र आणि लिहिलेली चतुःसीमा यांत विसंगती आढळली तर सामान्यतः चतुःसीमा ग्राह्य धरावी, असे न्यायालयांचे धोरण आहे. ताम्रपट लिहिणाऱ्याची आणि आजच्या न्यायाधीशाची दृष्टी या एका मुद्द्यावर जुळते, ही गोष्ट लक्षणीय होय.

गोतसभा आणि महजर

शिवकालात व पेशवाईत जमिनीचे, वतनाचे व शिवेचे तंटे प्रथम गोतसभेपुढे येत. गोत म्हणजे केवळ नातलग नव्हेत. पाटील, कुलकर्णी, बारा बलुतेदार, परगण्याचे देशमुख-देशपांडे, शेजारच्या गावांचे वतनदार असा हा समुदाय असे. वादी व प्रतिवादी यांना अग्रवादी आणि पश्चिमवादी म्हणत. दोघांकडून आधी राजीनामा लिहून घेतला जाई. येथे राजीनामा म्हणजे पद सोडणे नव्हे, तर सभेचा निवाडा मान्य करण्याची कबुली. सोबत जामीनही द्यावा लागे. मग ज्याने त्याने आपला करीना, म्हणजे हकिगतीची तपशीलवार मांडणी, सादर करावयाची, साक्षी व्हावयाच्या, आणि अखेरीस सर्व उपस्थितांच्या निशाण्यांसह महजर व्हावयाचा. कुणी नांगर काढी, कुणी कट्यार, कुणी आपल्या धंद्याचे हत्यार. स्थानिक सभेत पक्षपात होईल असे वाटल्यास परस्थळ मागण्याची, म्हणजे दुसऱ्या ठिकाणी निवाडा करून घेण्याची मुभा होती.

जिंकणाऱ्याकडून हरकी आणि हरणाऱ्याकडून गुन्हेगारी अशी रक्कम सरकार घेई. परंतु या पद्धतीतील सर्वांत अर्थपूर्ण कागद म्हणजे येजितखत. हरलेल्या पक्षाने, आपली बाजू खोटी ठरली, यापुढे आपण हा वाद उकरून काढणार नाही, असे स्वहस्ते जिंकणाऱ्यास लिहून द्यावयाचे. आजच्या हुकूमनाम्यावर न्यायाधीशाची सही असते, हरलेल्याची नसते. तो निकालाच्या दुसऱ्या दिवशी नकलेचा अर्ज करतो आणि अपिलाची तयारी सुरू होते. अर्थात येजितखते लिहून देऊनही पिढ्यान्‌पिढ्या भांडत राहिलेली वतनदार घराणी जुन्या कागदांत भरपूर सापडतात. तेव्हा जुने ते सारे सोने, असे मानण्याचे कारण नाही.

पुरावा तुल्यबळ झाला की दिव्याचा मार्ग उरे. रवादिव्यात कढत तेलातुपातून धातूचा रवा काढावयाचा, हाताला पिशवी बांधून तिच्यावर मोहोर करावयाची, आणि ठरल्या दिवशी पिशवी उघडून हात पोळला की नाही हे पाहावयाचे. शिवेच्या वादात बेलभंडार उचलून किंवा डोक्यावर त्याच शिवारातील माती घेऊन अनवाणी शीव चालून दाखविण्याचा प्रघात होता. ठरलेल्या मुदतीत चालणाऱ्यावर संकट आले नाही तर त्याने चाललेली रेषा ती शीव. डॉ. वि. त्र्यं. गुणे यांनी १९५३ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या प्रबंधात मराठ्यांच्या या न्यायपद्धतीचा महजरांच्या आधारे कसून अभ्यास केला आहे.

येथे एका गोष्टीचा उल्लेख केल्यावाचून पुढे जाता येणार नाही. गावाच्या शिवेविषयी अखेरचा शब्द महाराचा मानला जाई. कोठला दगड कोणत्या शेताचा, कोठून शीव वळते, ओढा कधी फिरला, हे त्यास तोंडपाठ असे, आणि शीव चालून दाखविण्याचे जोखमीचे कामही बहुधा त्याच्याच माथी येई. ज्या समाजाच्या सत्यवचनावर साऱ्या गावाच्या जमिनींची मर्यादा ठरे, त्या समाजास गावकुसाबाहेर ठेवण्यात आले. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९२८ साली मुंबई विधिमंडळात महार वतनाच्या जाचाविरुद्ध विधेयक मांडले. ही वतने नष्ट करणारा कायदा मात्र त्यानंतर तीस वर्षांनी, १९५८ साली झाला. हद्दीची सर्वांत भरवशाची साक्ष देणाऱ्याची गावाने अशी परतफेड केली.

साखळी आली

इ. स. १८१८ मध्ये पेशवाईचा अंत झाला. दक्षिणचे कमिशनर माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन यांनी १८१९ च्या आपल्या प्रसिद्ध अहवालात पंचायतींची बलस्थाने व दोष दोन्ही नोंदविले आणि त्या शक्यतो चालू ठेवण्याचे धोरण स्वीकारले. पुढे १८२७ च्या विनियमांनी लेखी कायदा व क्रमवार न्यायालये आली आणि पंचायतीकडे जाणाऱ्यांचा ओघ हळूहळू आटला. मुन्सफाचा हुकूम सरकार अंमलात आणीत होते. पंचांच्या शब्दामागे आता सरकारचा हात उरला नव्हता.

परंतु हद्दीच्या तंट्यात खरी क्रांती न्यायालयाने केली नाही, ती मोजणीने केली. त्यापूर्वी जमीन मोजत नसत असे नाही. शिवकालीन काठी पाच हात पाच मुठींची, वीस काठ्यांचा पांड, वीस पांडांचा बिघा, एकशेवीस बिघ्यांचा चावर, असे कोष्टक होते. पण हात कोणाचा, आणि मूठ कोणाची? कापडाच्या दुकानात हाताने मापलेला वार आणि लोखंडी गजाने मापलेला वार यांत जे अंतर पडते, तेच अंतर शेतात बिघ्यांनी वाढत जाते. प्रिंगल यांनी केलेली पहिली मोजणी व आकारणी फसली. मग गोल्डस्मिड आणि लेफ्टनंट विंगेट यांनी १८३५-३६ पासून इंदापूर तालुक्यात नव्याने काम आरंभिले आणि १८४७ च्या संयुक्त अहवालाने त्या पद्धतीस कायमचे रूप दिले. शेताशेतांना सर्व्हे नंबर मिळाले, कोपऱ्यांवर दगड व मातीचे बुरूज उभे राहिले. तेहतीस फुटांची, सोळा आण्यांची शंकुसाखळी गावोगाव फिरली. एक साखळी लांब व एक साखळी रुंद तो एक गुंठा, आणि चाळीस गुंठ्यांचा एकर. प्रत्येक नंबराचे टिपण तयार झाले. टिपण म्हणजे शेताच्या आकृतीचे कच्चे रेखाटन व त्यावर साखळी-आण्यांत लिहिलेली मापे. १८६५ च्या व पुढे १८७९ च्या जमीन महसूल कायद्याने या साऱ्यास कायद्याचे अधिष्ठान दिले.

ही मोजणी मालकी ठरविण्यासाठी नव्हतीच. ती सारा ठरविण्यासाठी होती. सरकारला हवा होता तो आकार, आणि आकारासाठी क्षेत्र. काही फुटांची चूक साऱ्याच्या दृष्टीने नगण्य होती, कारण तेवढ्याने आण्याचाही फरक पडत नसे. पण गोत गेले, शीव चालणारा गेला, बुरूज नांगराखाली गेले, आणि हद्दीचा एकमेव पुरावा म्हणून उरले ते हे साऱ्यासाठी काढलेले टिपण. जे पत्रक एका कामासाठी बनले त्याच्यावर दुसऱ्याच कामाचा भार येऊन पडला. आजच्या बऱ्याचशा दाव्यांचे मूळ येथे आहे.

भर पडली ती विभागण्यांची. एका नंबराचे पोटहिस्से झाले; भावांनी दोरी धरून आपसांत वाटून घेतले आणि कित्येक ठिकाणी फाळणीची मोजणी झालीच नाही. १९४७ च्या तुकडेबंदी व एकत्रीकरण कायद्याखाली गावोगाव गट पाडले गेले, सर्व्हे नंबर जाऊन गट नंबर आले. कागदावर अदलाबदल झाली, पण बाप ज्या विहिरीवर मोट चालवीत होता ती जमीन सोडून जाण्यास मुलगा राजी झाला नाही. परिणामी उताऱ्यावर एकाचे नाव आणि वहिवाट दुसऱ्याची, असे जोडपे शेकडो गावांत तयार झाले. त्यानंतर एकर-गुंठे जाऊन हेक्टर-आर आले. गुंठा सुमारे १०१.१७ चौरस मीटरचा, आर बरोबर १०० चौरस मीटरचा. या रूपांतरात काहीजणांना आपली जमीन वाढल्याचा भास झाला, तर काहींना घटल्याचा.

सातबारा हा हद्दीचा पुरावा नव्हे, ही गोष्ट सुशिक्षित मंडळींनाही पुष्कळदा ठाऊक नसते. गाव नमुना सात व बारा यांवरून धारक कोण, क्षेत्र किती, पीक कोणते हे कळते. रेषा कोठून जाते हे त्यावरून कळत नाही. त्यासाठी टिपण, फाळणी, गटाचा नकाशा पाहावा लागतो. तरीही हातात सातबाऱ्याची नक्कल घेऊन कोर्टाची पायरी चढणाऱ्यांची रीघ कमी होत नाही.

न्यायालयात

महाराष्ट्र जमीन महसूल संहिता १९६६ ची. ती १५ ऑगस्ट १९६७ पासून अंमलात आली. तिच्यात हद्दी कायम करणे, खुणा सांभाळणे व हद्दीच्या वादांचा जमीन अभिलेखांच्या आधारे निर्णय करणे यांची तरतूद आहे. बांधावरून जाण्यायेण्याच्या वाटेचा निर्णय कलम १४३ अन्वये तहसीलदार करतात व तो मान्य नसणाऱ्यास एक वर्षाच्या आत दिवाणी दावा लावता येतो. परंतु जेथे मालकी व ताबा यांचा प्रश्न येतो तेथे अखेर दिवाणी न्यायालयाकडेच जावे लागते.

१९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेने वादपत्रात स्थावर मिळकतीचे वर्णन हद्दींनी किंवा सर्व्हे क्रमांकांनी ओळख पटेल असे करावे, असा दंडक घातला आहे. बांधाच्या दाव्यात बहुतेक वादी येथेच ठेचाळतात. अतिक्रमण झाले असे लिहिलेले असते; किती, कोणत्या बाजूस, कोठून कोठपर्यंत, हे लिहिलेले नसते. मनाई हुकमाची घाई असते, मोजणी मागाहून पाहू असा विचार असतो. पुढे दहा वर्षांनी न्यायाधीश विचारतात की हुकूमनामा द्यावयाचा तर कोणत्या तुकड्याचा द्यावयाचा, आणि त्या प्रश्नाला उत्तर नसते.

यावरील उपाय संहितेच्या आदेश २६, नियम ९ मध्ये आहे. न्यायालय जागेच्या तपासणीसाठी कमिशनर नेमू शकते, आणि आपल्याकडे हे काम बहुधा भूमि अभिलेख कार्यालयाच्या मोजणीदाराकडे जाते. पूर्वी कमिशनर नेमणे म्हणजे पक्षकारासाठी पुरावा गोळा करून देणे, अशी समजूत धरून अर्ज फेटाळले जात. सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली हरियाणा वक्फ बोर्डाच्या प्रकरणात, वाद हद्दीच्या आखणीचाच असेल तर न्यायालयाने स्थानिक कमिशनर नेमावयास हवा होता, असे स्पष्ट केले.

तरी कमिशनर नेमला म्हणजे काम झाले असे नाही. मोजणी दोन्ही बाजूंच्या नंबरांची व्हावी लागते. एकट्या वादीची जमीन मोजून ती कमी भरते एवढे सांगितल्याने ती प्रतिवादीकडेच गेली हे सिद्ध होत नाही. ती चौथ्याच शेजाऱ्याकडे किंवा रस्त्यातही गेली असेल. लगतच्या धारकांना नोटीस जावी लागते. मोजणी मूळ टिपणावरून, जुन्या कायम खुणांना धरून व्हावी लागते. ‘वहिवाटीप्रमाणे’ एवढाच शेरा मारून काढलेला नकाशा कोण कसतो हे सांगतो, कोणाचे आहे हे सांगत नाही. शिवाय पुराव्याच्या १८७२ च्या कायद्याने सरकारच्या अधिकाराने तयार झालेले नकाशे बिनचूक मानावेत असे म्हटले, पण त्याच कलमात एखाद्या दाव्यासाठी मुद्दाम तयार केलेला नकाशा बिनचूक असल्याचे सिद्ध करावे लागेल असेही म्हटले. जुलै २०२४ पासून त्या कायद्याची जागा भारतीय साक्ष अधिनियमाने घेतली असली तरी हे तत्त्व कायम आहे. म्हणून मोजणीदारास साक्षीच्या पिंजऱ्यात बोलावून उलटतपासणीची संधी द्यावी लागते. तो तोवर बदली होऊन गेलेला असतो, मग निवृत्त होतो, आणि तारखा पडत राहतात. एवढी एक कसर राहिली की अपिलात निकाल रद्द होऊन दावा फेरमोजणीसाठी पुन्हा खालच्या न्यायालयात येतो. ज्या वर्षांत हे घडते त्या वर्षांत बांधावरचे बाभळीचे झाड मोठे होऊन वाळूनही जाते.

दुसरा धोका मुदतीचा. ताबा जबरीने काढून घेतला असेल तर विशिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम ६ खाली सहा महिन्यांच्या आत, मालकीच्या वादात न शिरता, ताबा परत मागता येतो. मालकी हक्काच्या आधारे ताबा मागण्यास १९६३ च्या मुदतीच्या कायद्याने बारा वर्षे दिली आहेत. त्या काळात प्रतिकूल वहिवाट पूर्ण झाली तर हक्कच संपुष्टात येतो. ‘शेजारधर्म आहे, आज ना उद्या देईल’ म्हणून गप्प बसणारा सज्जन मनुष्य येथे अडचणीत येतो. शेजाऱ्याची वहिवाट परवानगीची होती असे सिद्ध झाले तर तो वाचतो. पण तोंडी दिलेली परवानगी वीस वर्षांनी सिद्ध कशी करावयाची? दोन ओळींचे पत्र लिहून घेतले असते तर शेजारधर्मही राहिला असता आणि जमीनही.

२००२ पासून अंमलात असलेल्या कलम ८९ ने न्यायालयांना तडजोड, मध्यस्थी, लोकअदालत हे मार्ग पक्षकारांपुढे ठेवण्यास सांगितले आहे. लोकअदालतीच्या निवाड्यास हुकूमनाम्याचे बळ असते, त्यावर अपील नसते व भरलेले न्यायालय शुल्क परत मिळते. तडजोडीवर दोघांच्याही सह्या असतात, हे पाहिले म्हणजे जुन्या येजितखताची आठवण होते. मात्र तडजोडपत्रासोबत संयुक्त मोजणीचा नकाशा जोडलेला नसेल तर ‘बांध सामाईक राहील’ या एका वाक्यातून पुढच्या पिढीचा दावा जन्मास येतो. धर्मादाय संस्थांच्या जमिनींबाबत आणखी एक दक्षता घ्यावी लागते. विश्वस्त आपल्या खासगी शेताबाबत जे औदार्य दाखवू शकतात ते न्यासाच्या जमिनीबाबत दाखवू शकत नाहीत. सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियमाच्या कलम ३६ प्रमाणे न्यासाची स्थावर मिळकत विकण्यास किंवा अदलाबदल करण्यास धर्मादाय आयुक्तांची पूर्वमंजुरी लागते.

एकत्रीकरणातून उद्भवलेल्या उलटसुलट ताब्यांसाठी राज्य सरकारने जानेवारी २०२३ मध्ये ‘सलोखा’ नावाची योजना सुरू केली. एकाची जमीन दुसऱ्याच्या आणि दुसऱ्याची पहिल्याच्या ताब्यात किमान बारा वर्षे असेल, तर दोघांनी मिळून अदलाबदलीचा दस्त नोंदवावा; मुद्रांक शुल्क एक हजार रुपये व नोंदणी फी एक हजार रुपये. एरवी बाजारभावाने पडणारे शुल्क हीच पुष्कळांची अडचण होती, ती यामुळे दूर झाली. दस्त करण्यापूर्वी तलाठ्याने, म्हणजे ज्यास आता ग्राम महसूल अधिकारी म्हणतात त्याने, जागेवर जाऊन पंचनामा करावयाचा असतो. आता हाताशी उपग्रहाच्या साहाय्याने चालणारी रोव्हर यंत्रे आहेत, गावठाणांची मोजणी २०२० पासून स्वामित्व योजनेत ड्रोनने झाली आहे. तरी या पंचनाम्यात कोण किती वर्षांपासून कोणती जमीन कसतो हे यंत्र सांगत नाही. त्यासाठी चतुःसीमेच्या शेजाऱ्यांना बांधावर बोलावतात आणि त्यांच्या सह्या घेतात.